नऊ इंचांची भिंत

भिंत पडली तेव्हा मी फोटो काढत होते.

दीराच्या दारासमोर, गल्लीत मी उभी होते. दार सताड उघडं होतं. आत दोघं भाऊ भिंतीला टेकू लावत होते. दीर खाली बसून लाकडी बल्लीच्या बुडाला दगड सारत होता आणि माझे मालक दोन्ही हातांनी बल्ली भिंतीला दाबून धरून उभे होते. त्यांची पाठ माझ्याकडं होती. कंपनीचा निळा शर्ट होता. सकाळी मला ते कटिंगला जातो म्हणून सांगून गेले होते.

मी हाक मारली नाही. वकिलानं सांगून ठेवलं होतं, भिंतीला कुणी हात लावला की आधी फोटो काढा, मग बोला. पहिला फोटो काढला, त्यात दीराचं तोंड आलं नाही. दुसरा काढायला एक पाऊल पुढं झाले. तेवढ्यात भिंतीच्या वरच्या खाचेतनं माती गळायला लागली. ते मी मोबाईलमध्येच पाहिलं. मग भिंत मधोमध फुगली आणि त्यांच्या अंगावर बसली. आवाज फार मोठा झाला नाही. मातीत बांधलेली वीट पडते तेव्हा पोतं टाकल्यासारखा आवाज येतो.

माझी जाऊ दाराशी ड्रम भरत होती. आठव्या दिवशी नळाला पाणी आलं होतं. पाइप तिच्या हातात तसाच चालू राहिला. तिनं आधी ढिगाकडं पाहिलं, मग माझ्याकडं, मग माझ्या हातातल्या मोबाईलकडं.

"निघाला का फोटो?" ती म्हणाली.

मी म्हणाले, "निघाला."

मग आम्ही दोघी विटा उचलायला लागलो. गल्लीतली माणसं आली. धूळ खाली बसायच्या आत माणसं बाहेर काढली. दीर तिथंच गेलेला होता. मालकांनी दवाखान्याच्या दारात प्राण सोडला. रविवारची दुपार होती, ऊन पडलं होतं. दोन दिवसांपासून पाऊस नव्हता. मिस्त्रीनं नंतर सांगितलं, ओली भिंत उभी राहते, वाळायला लागली की पडते.

ती भिंत कशी होती ते सांगते.

आमची वस्ती गुंठेवारीची. म्हणजे शेतकऱ्यानं शेताचे तुकडे पाडले आणि बॉन्डपेपरवर विकले. शहराच्या कडेला, जालना रोडच्या आतल्या बाजूला अशा किती वस्त्या आहेत. सासऱ्यांनी गंगापूरकडची शेती सोडून तिथं वीस बाय तीसचा एक तुकडा घेतला. वर पत्रे टाकून एक लांब खोली बांधली. मालक शेंद्र्याला कंपनीत लागले, दीर पुढं रंगकाम करायला लागला. दीराचं लग्न ठरलं तेव्हा सासरे म्हणाले, मधून भिंत घाला, दोन घरं करा.

ती भिंत मी घातली. मालक ड्यूटीवर असायचे, दीर लग्नाच्या कपड्यांत. कोपऱ्यावर टाकलेल्या विटा मी डोक्यावर घमेल्यातनं आणल्या. माती मी तुडवली. एक म्हातारा मिस्त्री विटा लावायचा आणि मी त्याच्या हाताखाली. सिमेंट परवडणारं नव्हतं म्हणून मातीत बांधली आणि वरनं चुना मारला. रुंदी नऊ इंच. सासऱ्यांनी एक वीट उचलली नाही, दीरानं उचलली नाही. जाऊ तर ती वाळल्यावर आली आणि तिनं त्या भिंतीत खिळा ठोकून आरसा लावला.

सासरे गेल्यावर दोघं भाऊ तोंडीच वेगळे झाले. कागद एकच राहिला. पुढं गुंठेवारीच्या फायली नियमित करायची वेळ आली तेव्हा दोन भाग झाले. आमचा भाग मालकांनी माझ्या नावावर केला. मला काही मान द्यायचा म्हणून नाही. ऑफिसात खेपा घालायला त्यांना सुट्टी मिळत नव्हती. मी चौथी शिकलेली आहे, सही करता येते, वाचता येतं. तेवढं पुरलं.

दीराला एक मुलगा. त्याचं लग्न जमत आलं होतं आणि मुलीकडचे म्हणाले, पत्र्याच्या घरात पोरगी देणार नाही, स्लॅब टाका. दीरानं नकाशा काढून घेतला आणि एका संध्याकाळी तो आणि जाऊ पेढे घेऊन माझ्याकडं आले.

"वहिनी, इथं एक सही पाहिजे," दीर म्हणाला. "तुमची हरकत नाय एवढंच लिहिलंय."

मी कागद वाचायला घेतला. मला वेळ लागतो. दीर म्हणाला, "वाचायचं काय त्यात?" मी वाचत राहिले. नकाशावर मधल्या भिंतीवर दोन रेघा होत्या आणि लिहिलं होतं, सामाईक भिंत. अर्धी त्यांची.

"ही भिंत सामाईक कधी झाली?" मी विचारलं.

"मधली भिंत दोघांची असती, वहिनी. नऊ इंचातले साडेचार माझे, साडेचार तुमचे. स्लॅब माझ्या साडेचारावर टेकवतो."

जाऊ म्हणाली, "साडेचार इंचात काय राजवाडा बांधणार का आम्ही, बाई?"

मी पेढ्यांचा बॉक्स झाकण लावून परत दिला. मालक कॉटवर बसले होते. ते म्हणाले, "दे की सही. भाऊ हाय माझा." मी म्हणाले, "भाऊ तुमचा हाय. भिंत माझी हाय."

दीरानं मग माझ्या सहीशिवाय काम केलं. भिंत सामाईक आहे आणि काही वाद नाही असं प्रतिज्ञापत्र करून दिलं आणि त्याला बांधकामाचा परवाना मिळाला. मी ऑफिसात जाऊन तक्रार दिली. तिथल्या माणसानं सरळ सांगितलं, आजी, कागद बरोबर आहेत, भिंत कुणाची ते आम्ही ठरवत नाही, कोर्ट ठरवतं. मी उस्मानपुऱ्यात एक वकील गाठला. परवाना रद्द करा आणि बांधकामाला मनाई करा, असा दावा लावला. मालकांना मी दावा लावल्यावर सांगितलं.

कोर्टानं पहिल्याच तारखेला आदेश दिला. वकिलानं मला वाचून दाखवला. निकाल लागेपर्यंत दोन्ही बाजूंनी वादाच्या मिळकतीची स्थिती जैसे थे ठेवावी. मी विचारलं, म्हणजे काय? तो म्हणाला, जे आहे ते तसंच ठेवायचं, वीटसुद्धा हलवायची नाही. आदेश हमदस्त मिळाला होता, म्हणजे पक्षकारानं स्वतः नेऊन द्यायचा. "आजच द्या," वकील म्हणाला.

मी त्या दिवशी दिला नाही. पुढचे आठ दिवसही दिला नाही.

हे मी आजवर कुणाला सांगितलं नव्हतं. आदेश माझ्या पेटीत होता आणि मी दारात बसून पलीकडचं काम बघत होते. त्यांनी जुने पत्रे उतरवले. भिंतीत वरच्या बाजूला बीम बसवायला खाचा पाडल्या. सेंटरिंग उभं केलं, सळया बांधल्या. जुने पत्रे भंगारवाल्याच्या हातगाडीवर चढले, गाडी गल्लीच्या तोंडाशी वळली, तोपर्यंत मी थांबले. दुसऱ्या दिवशी सकाळी मिक्सर आला. स्लॅबच्या दिवशी मजुरांना जेवण असतं, म्हणून जाऊनं चुलवणावर भाताचं मोठं पातेलं चढवलं होतं. दीरानं नारळ हातात घेतला होता. तेव्हा मी कागद घेऊन गेले.

दीरानं वाचला. दोनदा वाचला. मग मिस्त्रीला म्हणाला, "मिक्सर बंद करा."

हा मिस्त्री आमच्याच वस्तीतला, मुसलमान, मला खाला म्हणायचा. त्यानं वर उघड्या घराकडं पाहिलं, मग मला म्हणाला, "खाला, पहले ला देते ये कागज. हफ्ता पहले तक छत थी इनके सर पे."

मी म्हणाले, "पहले याद नहीं आया."

मजूर जेवून गेले. भात केलेलाच होता.

लग्न मोडलं. मुलीकडच्यांनी महिनाभर वाट पाहिली आणि दुसरीकडं दिली. मुलगा पुण्याला निघून गेला. सेंटरिंगच्या प्लेटा ठेकेदारानं कोर्टात अर्ज करून सोडवून नेल्या. दीरानं एका बाजूला ताडपत्री ताणली आणि तिच्याखाली दोघं राहायला लागली. उन्हाळ्यात ती तापायची, पावसाळ्यात पोटात पाणी घेऊन खाली यायची आणि जाऊ काठीनं ते पाणी ढकलून गल्लीत पाडायची. ते माझ्या दारात यायचं. ती मुद्दाम तिकडंच पाडायची. मीही गप्प बसणारी नव्हते. माझ्या मोरीचा पाइप निसटला होता, तो मी बसवला नाही. माझं सांडपाणी भिंतीच्या बुडाशी मुरायचं आणि त्यांच्या बाजूला ओल यायची. तिच्या डब्यातल्या ज्वारीला बुरशी धरली.

जाऊ दारात येऊन ओरडली, "बाई, पाइप लावा तेवढा! घरात चिखल झालाय!"

मी म्हणाले, "कोर्टानं सांगितलंय ना, जैसे थे. पाइपला हात लावता येत नाय."

मला त्या दिवशी जेवण गोड लागलं. खरं तेच लिहिते.

तारखा पडत गेल्या. तारखेचा मेसेज मोबाईलवर यायचा. कोर्टात जाताना जाऊ आणि मी एकाच रिक्षाच्या थांब्यावर उभ्या राहायचो आणि वेगवेगळ्या रिक्षांत बसायचो. कधी दुसरी रिक्षा यायची नाही, मग एकीतच बसायचो, एक या कडेला आणि एक त्या कडेला. एकदा रिक्षावाल्यानं विचारलं, दोघी बहिणी का? जाऊ म्हणाली, "बहीण असती तर कवाच मारून टाकली असती."

मालक त्या काळात माझ्याशी कामापुरतं बोलायचे. डबा, पाणी, इस्त्रीचे कपडे. भावाशीही बोलत नव्हते, निदान माझ्यादेखत. सुट्टीच्या दिवशी कटिंगला, चक्कीला म्हणून जायचे आणि उशिरा यायचे. मला वाटायचं चहाच्या हॉटेलावर बसतात. बसतच होते. भावाबरोबर बसत होते. हे मला नंतर हॉटेलवाल्यानं सांगितलं.

तिसऱ्या वर्षी उन्हाळ्यात मिस्त्री आपण होऊन आला. दोन्हीकडनं भिंत पाहिली, माझ्या बाजूला बोट लावलं तर माती सुटून खाली पडली. खाचा उघड्या होत्या, दोन पावसाळ्यांचं पाणी त्यातनं आत उतरलं होतं. खालनं माझी मोरी होतीच.

"खाला, ये दीवार बरसात नहीं निकालेगी," तो म्हणाला. "इधर गिरेगी या उधर, वो अल्ला जाने. दोनों मिलके कोर्ट में बोल दो, मैं दो दिन में नई चढ़ा देता हूँ."

कोर्टही तेच म्हणालं. दोन्ही बाजूंनी मिळून लिहून दिलं तर भिंत दुरुस्त करायला परवानगी देतो, दाव्याचं नंतर बघू. अशा लिहून देण्याला पुरसिस म्हणतात. माझ्या वकिलाच्या ऑफिसात आम्ही चौघं जमलो, तिकडचा वकीलही आला. कागद टाइप करून ठेवला होता. एकाच बाकावर आम्ही चौघं बसलो होतो, मधे दोघं भाऊ आणि कडेला आम्ही दोघी.

मी वाचला. त्यात पुन्हा सामाईक भिंत लिहिलं होतं.

"हे खोडा," मी म्हणाले. "वादीची भिंत लिहा. वादी मी हाय."

जाऊ म्हणाली, "तसं लिहिलं तर आमी सही करणार नाय. मग केस लढली कशाला?"

माझाच वकील समजुतीनं म्हणाला, "आजी, आपण नुसतं 'मधली भिंत' लिहू. तुमचीही नाही, त्यांचीही नाही. दावा तसाच राहतो, तुमचं काहीच जात नाही."

दीर म्हणाला, "मला चालतंय." त्यानं पेन घेतलं आणि सही केली. जाऊनंही केली. पेन माझ्यासमोर आलं.

मालक म्हणाले, "कर आता. पडंल ती कुणाच्या तरी डोक्यावर."

"त्यांच्या पडंल," मी म्हणाले. "खाचा त्यांनी पाडल्यात."

"अगं, त्या बाजूला माझा भाऊ झोपतो."

"मग तुम्ही पण तिकडं जाऊन झोपा."

असं मी चार माणसांत बोलले. वकिलानं मान खाली घातली. मालक उठले आणि बाहेर जाऊन उभे राहिले. दीर मात्र बसून राहिला. तो मला म्हणाला, "वहिनी, मी लहान असताना तुमीच मला जेवायला वाढायच्या. सही करा." त्याचा आवाज साधा होता, भांडणाचा नव्हता. मी कागदाची घडी घातली आणि टेबलावर ठेवली.

सही केली असती तर माझं काय गेलं असतं, हे मला नंतर बऱ्याच जणांनी विचारलं. काही गेलं नसतं. वकिलानं सांगितलंच होतं आणि मला ते कळलं होतं. मी अडाणी होते, मला समजलं नाही, असं कुणी म्हणू नये. तिनं सही केली आणि मी पण केली तर आम्ही सारख्या झालो असतो, एवढंच. विटा मी वाहिल्या होत्या.

पावसाळा लागला. भिंत माझ्या बाजूनं फुगलेली नव्हती, त्यांच्या बाजूनं फुगत होती. मी रोज सकाळी बघायचे. मालकांनी आपली कॉट भिंतीपासून लांब ओढली नाही, मी माझी ओढली. त्या रविवारच्या आधी तीन दिवस झड लागून दोन दिवसांपूर्वी उघडलं होतं. मालक आंघोळ करून निघाले, म्हणाले, "कटिंगला जातो." मी म्हणाले, "येताना साखर आणा." हे आमचं शेवटचं बोलणं.

मिस्त्रीनं त्यांना दोन बल्ल्या दिल्या होत्या. आदेश मोडायचा नाही, हे त्यालाही माहीत होतं, म्हणून त्यानं स्वतः हात लावला नाही, नुसत्या बल्ल्या दिल्या. दुपारी पलीकडनं ठोकल्याचा आवाज आला. मी ओळखलं, भिंतीला हात लागलाय. मोबाईल घेतला आणि चपला घालून गल्लीनं तिकडं गेले. पुढचं मी आधीच लिहिलं आहे. एक राहिलं ते लिहिते. निळा शर्ट पाहिल्यावर माझ्या मनात आलं, आता यांनाही कोर्टात उभं करते. मग मी बटण दाबलं.

पोलीस आले, पंचनामा झाला. जाऊला विचारलं, इथं कोण कोण होतं? ती म्हणाली, "आमी दोघी. मी पाणी भरत होते, ही फोटो काढत होती." त्यांनी तसंच लिहून घेतलं. मी सही केली. त्या सहीला मला अजिबात वेळ लागला नाही.

दोघा भावांना एकाच दिवशी नेलं. मुलगा पुण्याहून आला, दोघांनाही त्यानंच अग्नी दिला. मला दोन मुली, त्या आल्या, तेरावं करून गेल्या. मुलगा आईला म्हणाला, चल पुण्याला. ती म्हणाली, "नाय येत. मी गेले तर ही सगळं घेईल." त्यानं माझ्याकडं पाहिलंसुद्धा नाही आणि बस पकडली.

पुढच्या तारखेला वकिलानं विचारलं, आता काय करायचं? मी म्हणाले, दावा काढून घ्या. त्यानं फोटोचं विचारलं, मी दाखवला. तो बराच वेळ बघत बसला आणि मला मोबाईल परत देत म्हणाला, हा आता कुणाला दाखवू नका. दीराच्या परवान्याची मुदत तोपर्यंत संपली होती. नव्यानं काढायचा तर मधली भिंत नकाशावर दाखवावी लागेल, असं ऑफिसातल्या माणसानं सांगितलं. मी म्हणाले, भिंत नाही. तो म्हणाला, मग एकच घर दाखवा, दोघींच्या सह्या लागतील. जाऊ शेजारीच उभी होती. ती म्हणाली, "हिच्यासंगं एका कागदावर मी सही करणार नाय." मी म्हणाले, "मला तरी कुठं करायचीय?" आम्ही परत आलो. एकाच रिक्षानं.

विटा त्या मुलानं जायच्या आधी एका बाजूला रचून ठेवल्या. मधे आता काही नाही. मिस्त्रीनं माझ्या बाजूचे पत्रे खालनं दोन खांब देऊन उभे केले आणि ते तिच्या बाजूला थोडे पुढं ओढले, म्हणजे ती पण त्याखाली येते. तिची कॉट तिकडं, माझी इकडं. ती माझ्यासमोर जेवते, मी तिच्यासमोर जेवते. स्वयंपाक वेगळा. दिवसातनं एकदा तरी ती मला विचारते, "फोटो हाय का अजून?" मी सांगते, "हाय." मोरीचा पाइप मी बसवून घेतला.

त्या भिंतीच्या दोन बाजूंना मिळून आम्ही चार माणसं राहत होतो. दोघे भाऊ गेले. मी आणि माझी जाऊ जगलो.